मारी लोझिएच्या फिल्मला डॉक्युमेंटरी म्हणायचं का?

ओली_सावली
काल रात्री मारी लोझिएची 'द बॅलड ऑफ जेनेसिस अँड लेडी जे' (2011) पाहिली, अजून डोक्यातून जात नाहीये. थ्रॉबिंग ग्रिसल या ब्रिटिश बँडवाले जेनेसिस पी-ऑरिज आणि त्यांची बायको लेडी जे, दोघांनी एकमेकांसारखं दिसायला ऑपरेशनं करून घेतली, दोघं मिळून एकच व्यक्ती व्हायचं म्हणून. एवढा विषय हातात असून तज्ज्ञांच्या मुलाखती नाहीत, सालवारी नाही, बोलणं एकीकडे नि चित्र भलतंच. मला रडू आलं, पण ही डॉक्युमेंटरी आहे का नक्की?

किल्लीवाला
बर्लिन फिल्म महोत्सवात टेडी बक्षीस (LGBTQ विषयांवरच्या फिल्मांना देतात ते) तरी डॉक्युमेंटरी म्हणूनच मिळालं तिला. आणि बोलणं-चित्र वेगळं का, ते कॅमेऱ्यात आहे बघ. लोझिए बोलेक्स कॅमेऱ्यावर शूट करते, 16 मिमी, स्प्रिंगवर चालणारा. भिंतीवरच्या जुन्या घड्याळाला देतात तशी किल्ली द्यायची, एका किल्लीत साधारण 28 सेकंद चालतो, मग थांबतो, परत किल्ली. 100 फुटांचा रोल पावणेतीन मिनिटांत खलास. वर इतका खरखरतो की शेजारी माइक धरून उपयोग नाही, म्हणून आवाज वेगळा घ्यायचा आणि दोघांची गाठ एडिटिंगला बसून घालायची. मी शिकताना हाताळलाय हा कॅमेरा, माणूस बोलायला लागतो न लागतो तोच किल्ली उतरते, मग मुलाखतीचा नाद आपोआप सुटतो आणि आपण म्हणतो, जरा खिडकीशी ये, हे अंगावर घे, नाच थोडा.

रानवारा
+1. प्रायोगिक फिल्मकार टोनी कॉनरॅडवरची तिची छोटी फिल्म (2008) पण बघ. ज्या माणसाने 1966 मध्ये नुसत्या काळ्या-पांढऱ्या फ्रेम्सची फिल्म केली, पुढे फिल्म तळली, व्हिनेगरात मुरवली, त्याच्यावर शिस्तीत माहितीपट काढणं म्हणजे त्याला न ओळखणंच.

आडवाट
मला हे सगळं पटतं, तरी एक खटकतं. थ्रॉबिंग ग्रिसलमधल्याच कोझी फॅनी टुटीने 2017 च्या आत्मचरित्रात जेनेसिसवर छळाचे गंभीर आरोप केलेत. जेनेसिसने ते नाकारले, आणि फिल्म आधीची आहे हे मान्य, पण इतक्या मायेने जवळ गेलं की दुसरी बाजू विचारणारं कुणी उरत नाही. पोर्ट्रेट म्हणून सुंदर, एवढ्यावरून माणसाबद्दल मत बनवू नका.

किल्लीवाला
@आडवाट बरोबर आहे. माया ही तिची ताकद आणि तिथेच तिची मर्यादा. पण वर्षानुवर्षं त्या घरात जाऊन-येऊन केलेली फिल्म आहे ती, ऑक्टोबर 2007 मध्ये लेडी जे गेल्या तेव्हाही काम चालूच होतं. परकं राहून ते मिळालं नसतं.

ओली_सावली
खरंय, आणि @आडवाट, ते आत्मचरित्र आता वाचणार. मला नेमकं तेच लागलं होतं, लेडी जे गेल्यावरही जेनेसिस स्वतःला 'आम्ही' म्हणत राहतात. आज हेडफोन लावून नुसता आवाज ऐकत परत बघते.