मदत हवी आहे: जॉन कझेलच्या कामाबद्दल

मंडळी, आमच्या चित्रपट मंडळात जॉन कझेल या अमेरिकन अभिनेत्यावर तासभर बोलायचंय. १९७२ ते १९७८, चित्रपट फक्त पाच, आणि पाचांनाही सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर नामांकन! मार्च १९७८ मध्ये फुप्फुसाच्या कर्करोगाने गेला, वय अवघं ४२. त्याला स्वतःला मात्र एकदाही ऑस्कर नामांकन नाही, याची फार हळहळ वाटते. 'गॉडफादर'च्या दुसऱ्या भागात कललेल्या खुर्चीत पडून तो धाकट्या भावावर ओरडतो, उठू पाहतो आणि पुन्हा मागे कोसळतो. तो प्रसंग दाखवणारच. पण 'डॉग डे आफ्टरनून'मध्ये त्याने साकारलेल्या 'साल' या बँक लुटारूचा कोणता प्रसंग निवडू? शिवाय अल पचिनोबरोबर त्याने केलेल्या नाटकांबद्दल मराठीत वाचायला काही मिळेल का? जाणकारांनी कृपया सुचवावं.