४ जीबी रॅम पुरते की!

४ जीबी रॅमचा जुना लॅपटॉप सरळ भंगारात द्यावा, हे मला पटलं नाही. गूगलने २०२० मध्ये नेव्हरवेअर कंपनी घेतली आणि तिच्या क्लाउडरेडी या प्रणालीवरूनच २०२२ मध्ये क्रोमओएस फ्लेक्स आणलं, म्हणजे जुन्या लॅपटॉपवर विंडोजऐवजी टाकायची ऑपरेटिंग सिस्टीम. ते फुकट आहे. ४ जीबी रॅम आणि १६ जीबी जागेत भागतं. माझ्या जुन्या मशीनवर नुसता ब्राउझर उघडला तरी पंखा घरघरायचा, आता तासभर व्हिडिओ बघितला तरी आवाज नाही. मात्र आधी पेनड्राइव्हवरूनच चालवून वायफाय, स्पीकर, टचपॅड नीट तपासा. कारण इन्स्टॉल केलंत की डिस्क पूर्ण पुसली जाते, विंडोज शेजारी ठेवता येत नाही. अँड्रॉइड अ‍ॅप्सही चालत नाहीत. नेट सारखं जात असेल तर त्यापेक्षा लिनक्स मिंट ही दुसरी ऑपरेटिंग सिस्टीम टाका.