मदत हवी आहे: यवतेश्वरचा काडीकिडा कोणत्या कुळात लिहू?

नमस्कार मंडळी,

गावच्या जैवविविधता नोंदवहीसाठी आम्ही यवतेश्वर-कास वाटेवर किडे बघत फिरतोय. करवंदीच्या जाळीवर हिरवट, बिनपंखी काडीकिडा सापडला. बरणीत ठेवल्यावर अंडी टाकायला लागली, म्हणजे पूर्ण वाढलेली मादी. मोबाइलच्या ॲपनं बेधडक ‘कॅरॉसियस मोरोसस’ असं नाव दिलं. मला पटत नाही. ती जात मुळात तमिळनाडूच्या डोंगरातली. नराशिवाय पिल्लं होतात म्हणून प्रयोगशाळांत नि शाळांत जगभर पाळली गेली, तिथून निसटून दक्षिण आफ्रिकेत, कॅलिफोर्नियातही रुजली. फोटो सगळीकडे तिचेच, मग ॲप दुसरं काय सांगणार?

शिवाय तिच्या पुढच्या मांड्यांच्या बुडाशी आतून लाल रंग असतो, इथे तो नाही. माझ्या किड्याच्या मिशाही अगदी आखूड, पुढच्या मांडीपेक्षा कमी. डोक्यावर दोन बारीक शिंगं आहेत.

दुसरा घोळ कुळाचा. जुन्या पुस्तकात कॅरॉसियस फॅस्मॅटिडी कुळात आहे, नव्या यादीत लोंकोडिडीत. नोंदवहीत काय धरायचं? आणि माझा किडा कुठे बसतो?

प्रतिसाद १
२०१८ मध्ये डीएनएच्या आधारे लोंकोडिडी हे वेगळं कूळ मानलं गेलं. नेक्रोसायिनी हे बहुतेक पंखवाल्या काडीकिड्यांचं उपकूळ पूर्वी डायफेरोमेरिडी कुळात होतं, तेही तिकडेच गेलं. नवी मांडणी धरा. तुमचा किडा मात्र लोंकोडिडीतला वाटत नाही. आखूड मिशा म्हटलं की आधी क्लिटमनिनी उपकूळ बघायचं, आणि ते फॅस्मॅटिडीतच आहे. त्यातली रॅम्युलस प्रजाती (म्हणजे जवळच्या जातींचा गट) भारतापासून जपानपर्यंत पसरलीय. अंड्याच्या झाकणावर पिवळसर गाठ आहे का? कॅरॉसियस मोरोससच्या अंड्यावर असते. मुंग्या त्या गाठीपायी अंडी वारुळात ओढून नेतात.

धागाकर्ता
भिंगातून पाहिलं, गाठ नाही. मग ‘रॅम्युलस’ लिहू का?

प्रतिसाद १
‘क्लिटमनिनी, बहुधा रॅम्युलस’ एवढंच लिहा, जात रिकामी सोडा. नुसत्या मादीवरून जातीपर्यंत जाऊ नका. त्याच जाळीवर रात्री बॅटरी घेऊन नर शोधा, तो मादीपेक्षा बराच बारीक असतो. अंडी फेकू नका, तारीख नि झाडाचं नाव लिहून कोरड्या डबीत ठेवा. ओळख पटवायला किड्याइतकीच अंडीही महत्त्वाची असतात.