दारूच्या केसमधली गाडी कोर्टानं सोडावी की सरकारजमा करावी?

मुलुंडचा मालवाहू
माझ्या मेहुण्याचा एक छोटा टेम्पो आहे. हप्त्यावर घेतलेला, घर त्याच्यावरच चालतं. मार्चमध्ये ड्रायव्हरनं पनवेलहून परस्पर भाडं घेतलं. नाक्यावर तपासणी झाली तेव्हा घरसामानाखाली गोवा बनावटीच्या दारूचे बॉक्स निघाले. ड्रायव्हर आठवड्याभरात जामिनावर सुटला, टेम्पो अजून जप्तीतच पडून आहे.

परवा बघून आलो. दोन टायर बसलेत, बॅटरी गायब. बॉनेटच्या फटीतून पिंपळ उगवलाय. डॅशबोर्डवरच्या गणपतीचा हार वाळून काथ्यासारखा झालाय. मेहुणा काचेला हात लावून उभाच राहिला, बोलला काही नाही. हप्ता मात्र दर महिन्याला जातोय.

माझं म्हणणं, मालकाचा हात नसेल तर बंधपत्र, म्हणजे ठरावीक रकमेची लेखी हमी, घ्या आणि गाडी सोडा. गाडी सडवून दारू थांबत नाही.

मालवणीची ताई
वाईट वाटलं, पण मला हे पटत नाही. 2015 च्या जूनमध्ये विषारी दारूकांड झालं तेव्हा मी मालाडच्या मालवणीतच होते. आमच्या गल्लीतले एक काका सकाळी उठले आणि बायकोला म्हणाले, "लाईट का बंद केलीस?" खिडकीतून ऊन आत आलं होतं. संध्याकाळपर्यंत ते गेले. शंभराहून जास्त माणसं मेली त्या दारूतल्या मिथेनॉल नावाच्या विषारी अल्कोहोलनं. त्याआधी 2004 ला विक्रोळीत तेच झालं होतं. ते विष गुत्त्यापर्यंत कुणाच्या तरी गाडीतूनच आलं ना? पकडलेला माणूस जामिनावर सुटतो, दुसऱ्या दिवशी त्याच्या जागी दुसरा येतो. धंदेवाल्याला झळ बसते ती गाडी गेल्यावरच.

कोर्टातला कारकून
वीस वर्षं गाडी सोडवायचे अर्ज टाइप करतोय, म्हणून थोडं सांगतो. महाराष्ट्र दारूबंदी कायद्यात अशी गाडी सरकारजमा करता येते. पण मालकानं योग्य ती खबरदारी घेतली होती हे कोर्टाला पटलं, तर ती वाचते. हा निकाल खटल्याच्या शेवटी लागतो. तोवर गाडी कुठे ठेवायची, हा प्रश्न वेगळा. सुप्रीम कोर्टानं 2002 मध्ये सुंदरभाई देसाई प्रकरणात सांगितलं की गाड्या पोलीस ठाण्यात वर्षानुवर्षं ठेवण्यात अर्थ नाही. पंचनामा करा, फोटो काढा, हमी घ्या आणि गाडी मालकाला द्या. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी प्रक्रियेचा कायदा) कलम 497 मध्येही मुद्देमालाचं वर्णन 14 दिवसांत तयार करून, फोटो-व्हिडिओ काढून, पुढच्या 30 दिवसांत आदेश करायचा आहे.

ताई, गाडी सुपुर्दनाम्यावर, म्हणजे खटला संपेपर्यंत सांभाळायच्या लेखी हमीवर, मिळाली म्हणजे मालक सुटला असं नाही. विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की कोर्टात आणून उभी करायची.

मालवणीची ताई
कागदावर ठीक आहे. पण "मला माहीत नव्हतं" हे तर प्रत्येक मालक म्हणणार. चोरकप्पा केलेल्या गाडीचा मालकही तेच म्हणतो.

भांडुपचा ट्रान्सपोर्टवाला
चोरकप्पा असेल तर अजिबात सोडू नका, त्यात मी ताईंच्या बाजूनं. मालकाला न कळता वेल्डिंग होत नाही. पण चार बॉक्स सतरंजीखाली आणि खास बनवलेला कप्पा, यांना एका मापानं मोजू नका. आणि मुलुंडकर, थोडं कडू बोलतो. परस्पर भाडं घेऊ देणं हीच तुमच्या मेहुण्याची चूक. माझ्याकडे बिल्टी (मालाची पावती) आणि माल पाठवणाऱ्याचा नंबर असल्याशिवाय गाडी हलत नाही. कोर्टात खबरदारी दाखवायची तर असा कागद लागतो.

मुलुंडचा मालवाहू
मान्य. बिल्टी नव्हती. पण ड्रायव्हरचे त्या दिवशीचे फोन आहेत, "ठाण्यातच आहे, ट्रॅफिकमध्ये अडकलोय" म्हणून. ते वकिलांना दिलेत. मंगळवारी अर्जावर तारीख आहे.

मालवणीची ताई
तुमच्या मेहुण्याला टेम्पो मिळो, मनापासून म्हणते. पण सोडलेली गाडी पुन्हा दारूत सापडली तर बंधपत्राची रक्कम खरोखर वसूल होते का, ते कारकूनदादांनी सांगावं. त्यांनी स्वतः पाहिलेलं एक तरी उदाहरण द्यावं. तोवर माझं मत तेच.