मदत हवी आहे: लवासाचा इतिहास नेमका कुठून सुरू करावा?

नमस्कार मंडळी,

पुण्याजवळच्या लवासा या खासगी गिरिस्थान शहरावर एक दीर्घ लेख लिहायला घेतलाय आणि पहिल्याच पानावर गाडी अडलीये.

बातम्यांमधून मिळालं ते जमवून झालंय. १९९६ मध्ये राज्याने खासगी गिरिस्थानांसाठी खास नियमावली काढली, २००१ मध्ये मोसे खोऱ्यातली १८ गावं गिरिस्थान म्हणून अधिसूचित झाली. कंपनीचं सुरुवातीचं नाव पर्ली ब्लू लेक रिसॉर्ट्‌स, मग लेक सिटी, मग लवासा. (मला पहिलंच नाव जास्त प्रामाणिक वाटतं.) आराखडा एचओके या अमेरिकी संस्थेचा, नमुना इटलीतल्या पोर्टोफिनोचा. २००८ मध्ये कंपनीलाच विशेष नियोजन प्राधिकरणाचा दर्जा, म्हणजे बांधणारा तोच आणि परवानगी देणाराही तोच! नोव्हेंबर २०१० मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाची नोटीस आली नि काम थांबलं, वर्षभराने पहिल्या टप्प्याला अटींसह मंजुरी मिळाली, २०१८ मध्ये दिवाळखोरीची प्रक्रिया. इथवर ठीक.

गेल्या मे महिन्यात तिकडे गेलो होतो. वरसगाव धरणाचं पाणी बरंच उतरलं होतं आणि काठच्या लाल चिखलात भातखाचरांच्या बांधांच्या रेषा उघड्या पडल्या होत्या, पायऱ्यापायऱ्यांनी थेट पाण्यात जाणाऱ्या. तिथे गुरं राखत बसलेल्या एका आजोबांशी गप्पा झाल्या. मी वहीत वर २००१ लिहून बसलेलो, त्यांचं बोलणं मात्र धरणापासूनच सुरू झालं. कोणाचं घर कुठे होतं, वर कुठे सरकलं, मग ती वरची जमीनही कशी गेली. तासभर बोलले, त्यात 'लवासा' हा शब्द दोनदाच आला असेल.

जाहिरातीतलं 'लेक' म्हणजे मुळात मोसे नदीवरच्या वरसगाव धरणाचं पाणी, खडकवासला धरणसाखळीतलं, पुण्याच्या नळाला येणारं. म्हणून लेख धरणाआधीच्या गावांपासून सुरू करायचा आहे. त्या काळातली गावनिहाय माहिती कशी काढायची? कोणी मोसे खोऱ्यात काम केलं असेल तर प्लीज सांगा. निव्वळ आठवणींवर सगळं उभं करायचं नाहीये.

प्रतिसाद १

पुणे जिल्ह्याच्या जुन्या जनगणना पुस्तिका काढा. गावागावाची लोकसंख्या, घरं, क्षेत्रफळ सगळं असतं. १९६१ आणि २००१ शेजारी ठेवून बघा. मुळशी आणि वेल्हे दोन्ही तालुके पाहा, खोरं दोन्हीकडे पसरलंय.

प्रतिसाद २

जमिनीसाठी सातबाऱ्यावर थांबू नका, फेरफार वाचा. जमीन कोणाकडून कोणाकडे, कधी आणि कशी गेली ते तिथे कळतं. सीलिंगची (कमाल जमीनधारणा कायद्याखाली आलेली) असेल तर तीही नोंद सापडते. जुने अभिलेख स्कॅन करून राज्याच्या भूमी अभिलेखांच्या महाभूमी पोर्टलवर टाकलेत, पण गट क्रमांकाच्या आधीचा सर्व्हे क्रमांक लागेल, नाहीतर शोधत बसाल. आजोबांना त्यांच्या शेताचा विचारा. जुन्या माणसांना तो पाठ असतो.

धागाकर्ता

दोघांचेही आभार. सर्व्हे क्रमांकाचं डोक्यातच आलं नव्हतं. पाऊस सुरू व्हायच्या आत पुन्हा जाऊन येतो, एकदा पाणी चढलं की बोट दाखवायला बांध उरायचे नाहीत.