‘डोंबिवली फास्ट’ सोळा वर्षांच्या मुलाला कसा दाखवावा?

पूर्वेची

नमस्कार मंडळी. माझा मुलगा यंदा अकरावीत आहे. परवा मोबाइलवर ‘डोंबिवली फास्ट’मधले तुकडे बघत होता. रोजच्या अन्यायाला विटून बॅट घेऊन फिरणारा त्यातला माधव आपटे. मला म्हणाला, "आई, असा एक माणूस प्रत्येक शहरात हवा." मी पोळ्या लाटत होते. तव्यावरची करपली तरी मला उत्तर सुचलं नाही.

हा सिनेमा मी २००५ साली बाबांबरोबर थिएटरात पाहिला. आम्ही रामनगरातले, बाबा बँकेत. तीस वर्षं डोंबिवली ते सीएसटी. मध्यंतरात ते जागचे हललेच नाहीत. बाहेर पडल्यावर स्टेशनपर्यंत गप्प, आणि जिन्यावर एकदम म्हणाले, "माझी मान कुठे पाहिली गं ह्यानं?" आपटेचं काम करणाऱ्या संदीप कुलकर्णीबद्दल. उभ्यानं डुलकी लागली की बाबांची मान अशीच एका बाजूला पडायची.

रात्री जेवताना मात्र ते आपटेवर चिडले. म्हणाले, "हा मारतो कुणाला ते बघ. थंड बाटलीचे दोन रुपये जास्त लावणारा दुकानदार! ज्याच्यापर्यंत हात पोचतो तोच सापडतो. वरचा माणूस ह्याच्या बॅटीच्या टप्प्यात येतच नाही." तेव्हा मी कॉलेजात होते, मला आपटेच बरोबर वाटला होता. खूप भांडले त्यांच्याशी.

बाबा जाऊन तीन वर्षं झाली. आज तेच भांडण माझ्या घरात आहे, फक्त मी ताटाच्या दुसऱ्या बाजूला बसलेय. पूर्ण सिनेमा त्याच्यासोबत बसून बघावा का? नंतर बोलायचं कसं, म्हणजे त्याला ते प्रवचन वाटणार नाही?

चेन्नईकर

ताई, पूर्णच दाखवा. तुकड्यांत फक्त बॅट उरते. सुरुवातीला तो घड्याळ, डबा, गाडी, ऑफिस, परत गाडी हा फेरा आहे ना, तोच खरा सिनेमा. तो अंगात मुरल्याशिवाय पुढची तोडफोड बघणं म्हणजे चटणी चाटून जेवलो म्हणण्यासारखं.

दिग्दर्शक निशिकांत कामतनं हीच गोष्ट २००७ मध्ये तमिळमध्ये केली, ‘एवनो ओरुवन’, आर. माधवनला घेऊन. नावाचा अर्थ ‘कुणी एक’. इथे शेजाऱ्यांबरोबर पाहिला तेव्हा मुंबईची लोकल नव्हती, डोंबिवली नव्हती, तरी शेजारचे अण्णा हुंकार देत होते. म्हणजे हा आजार एका स्टेशनचा नाही.

आणि मुलाला संदेश जाधवच्या इन्स्पेक्टर अनासपुरेकडे बघायला सांगा. आपटेला पकडायचं काम त्याचं, आणि मनातून पटतंही आपटेचंच. मला तर कामतचं उत्तर अनासपुरेच्या चेहऱ्यावर दिसतं. कामत २०२० च्या ऑगस्टमध्ये गेला, जेमतेम पन्नाशीत. फार लवकर.

काळा_कोट

मी वकिली करतो, म्हणून त्या बाजूनं लिहितो. मुलाला हे सांगा की सामान्य माणसाच्या हातात कायद्यानं काहीच दिलेलं नाही, असं नाही. समोर दखलपात्र (म्हणजे पोलिस वॉरंटशिवाय पकडू शकतात असा) आणि अजामीनपात्र गुन्हा घडत असेल तर कुणीही नागरिक गुन्हेगाराला पकडू शकतो. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं (जुन्या सीआरपीसीच्या जागी आलेली) कलम ४०. पण सहा तासांच्या आत त्याला पोलिसांच्या हवाली करावं लागतं. स्वसंरक्षणाचा हक्क भारतीय न्याय संहितेच्या (जुन्या आयपीसीच्या जागी आलेली) ३४ ते ४४ कलमांत आहे. मात्र पोलिसांकडे जायला वेळ असेल तर तो हक्क मिळत नाही, आणि गरजेपेक्षा जास्त इजा करता येत नाही. आपटे इथेच अडकतो. दोन रुपयांसाठी दुकान फोडणं हे संरक्षण होत नाही.

छापील किमतीपेक्षा जास्त पैसे घेतले तर वैधमापन (वजन-मापं तपासणाऱ्या) विभागाकडे तक्रार करता येते. ग्राहक हेल्पलाइन १९१५. मुलाला हा नंबर मोबाइलमध्ये टाकून ठेवायला सांगा.

चौथी_सीट

वकीलसाहेबांचा मान राखून सांगतो, मला हे पटत नाही. मी आजही दिवा स्टेशनवरून लोकलमध्ये चढतो. ९ जून २०२५ ला मुंब्र्याच्या वळणावर दारात लटकलेली माणसं गाडीतून पडली, त्यातली काही जिवानिशी गेली, त्या सकाळी मी मागच्या गाडीत होतो. त्या माणसांनी कुठल्या नंबरावर फोन करायचा होता? ताई, मुलगा चिडला असेल तर चिडू द्या. ज्या दिवशी त्याला राग येणं बंद होईल त्या दिवशी काळजी करा. तुमचे बाबा दुकानदाराबद्दल बरोबर बोलले, पण आपटेला दुकानदारापर्यंत ढकलत आणलं कुणी, हेही त्याच्याशी बोला.

पूर्वेची

सगळ्यांचे मनापासून आभार. रविवारी दोघं मिळून पाहिला. चौथी सीट, तुमचं लिहिणं मी त्याला वाचून दाखवलं. बराच वेळ तो काही बोलला नाही.

सिनेमा संपल्यावर मी काहीच समजावलं नाही. माळ्यावरून बाबांची निळी फाइल काढून समोर ठेवली. आम्ही सिनेमा पाहिला त्याच वर्षी, १२ ऑक्टोबर २००५ ला, माहितीचा अधिकार लागू झाला. बाबांनी २००६ मध्ये पहिला अर्ज केला, पुलावरच्या बंद दिव्यांबद्दल. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप, बाबांचं बँकेतलं टपोरं अक्षर. पहिल्या अर्जाला उत्तर नाही. दुसऱ्याला ‘सदर विषय आमच्या कार्यक्षेत्रात येत नाही’. तिसऱ्याला आलं, आणि सातपैकी चार दिवे लागले.

मुलगा म्हणाला, "फक्त चार?" त्याच्या आवाजात राग होताच. मग त्यानं तिन्ही अर्ज एकाखाली एक लावले आणि कुठल्या वाक्यामुळे तिसऱ्याला उत्तर मिळालं ते शोधत बसला. तिसऱ्यात बाबांनी दिव्यांच्या खांबांचे नंबर लिहिले होते.

काळा कोट, एक विचारायचंय. आमच्याकडे नळाला पाणी किती तास सोडायचं हे कागदावर काय ठरलंय, ते त्याला विचारायचंय. अर्ज त्याच्याच नावानं करायचाय. अजून अठरा पूर्ण नाहीत, चालेल का?