माल सोडला म्हणजे आरोपी सुटला का?

दौलतगंजकर: काल इथे कुणीतरी लिहिलं, 'खटला चालू असताना जप्त माल सोडणारं कोर्ट चोरालाच साथ देतं.' डोकं तापलं, म्हणून सविस्तर लिहितोय. नासणारा माल असेल तर निकालाची वाट न बघता तो विकायचा हुकूम कोर्ट देऊ शकतं, हे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 451 मध्येच होतं. 1 जुलै 2024 पासून ते नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 497 झालं. आता तर 14 दिवसांत मालाची यादी आणि फोटो, त्यानंतर 30 दिवसांत विल्हेवाटीचा आदेश, असं बांधून दिलंय. माल विकला तरी खटला चालूच राहतो.

आमच्या मामांची आंब्याची गाडी ई-वे बिलात (माल नेण्याच्या ऑनलाइन कागदात) नंबर चुकला म्हणून एका नाक्यावर अडवली. पाचव्या दिवशी ताडपत्री उचलली तर खालच्या पेट्यांतून रस गळत होता. हात घातला की साल हातात यायची. कागद नंतर दुरुस्त झाले. आंब्यांचं काय?

खेडापती: ती पोस्ट माझी. शब्द मागे घेणार नाही. आंबे कशाला मध्ये आणता, माव्याचं, म्हणजे खव्याचं बोला! दिवाळीच्या तोंडावर भिंड-मुरैनाहून डलियाच्या डलिया, टोपल्या भरून येतात. पकडलेला मावा सोडायचा आणि आपल्या पोरांनी खायचा? माझी नात पेढे खाऊन तीन दिवस सलाइनवर होती. तेव्हा कलमं आठवली नाहीत मला.

लष्करचा वकील: नात बरी आहे ना? पण दोन गोष्टी एकत्र करू नका. कागदांत घोळ असलेला माल वेगळा, भेसळीचा संशय असलेला वेगळा. माव्याचा नमुना चार भागांत होतो, अहवालाला कायद्यानं 14 दिवस. तोवर अस्सल मावाही आंबतो, म्हणजे प्रामाणिक माणूसही बुडतो. जप्त माल ठाण्यात सडू देऊ नका, पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र घ्या, हे सुंदरभाई देसाई प्रकरणात सुप्रीम कोर्टानं 2002 मध्येच सांगितलंय. गाड्यांबद्दलही.

माधवगंजची सून: गाड्यांबद्दल? मग माझी स्कूटर अकरा महिने ठाण्याच्या आवारात का पडली? मागून धडक मला बसली, हात माझा मोडला, जप्त झाली ती माझीच गाडी. आणायला गेले तर सीटच्या फाटलेल्या रेक्झिनमधून पिंपळ उगवलेला. बॅटरी गायब.

लष्करचा वकील: ताई, सुपुर्दगीचा, म्हणजे गाडी ताब्यात मिळण्याचा अर्ज केला होता का?

माधवगंजची सून: प्लास्टरमध्ये हात असलेल्या बाईला अर्ज लागतो हे सांगणार कोण? रोज कोर्टात बसणाऱ्यांना सोपं आहे बोलायला!

शिंदे छावणी: अगदी खरं. आमच्या काकांचा ट्रॅक्टर दोन पावसाळे भिजला. पेरणी भाड्याच्या ट्रॅक्टरनं केली, आणि हप्ते त्याच गंजणाऱ्या ट्रॅक्टरचे भरले.

दौलतगंजकर: धागा नाशवंत मालाचा आहे हो.

शिंदे छावणी: लोखंडही नासतं. फक्त वास येत नाही, म्हणून कुणाला घाई नसते.

लष्करचा वकील: ताई, चुकलं माझं. ठाण्यातच हे सांगायला हवं. कुणाची गाडी अडकली असेल तर आरसी, विमा आणि ओळखपत्राच्या प्रती जोडून कोर्टात अर्ज द्या. सुपुर्दनामा लिहून घेतात. हुकमाखेरीज गाडी विकायची नाही, कोर्टानं बोलावलं की हजर करायची.

खेडापती: आंबे, भाजी, गाड्या सोडा, एवढं मानतो. पण अहवाल येईपर्यंत माव्याची एक डलियाही बाजारात जाता कामा नये.

दौलतगंजकर: भेसळीचा संशय असेल तिथे मीही तेच म्हणेन. मग अहवाल तीन दिवसांत मागा. प्रयोगशाळा वाढवा म्हणून अर्ज लिहा, पहिली सही माझी.

खेडापती: लिहितो. रविवारी घरी या सहीला. सूनबाईंनाही आणा, स्कूटरचंही त्यातच घालू.